‘सिनेमाला जातात ती डुकरं’: वेढ्यातल्या वॉर्सात सिनेमा कसा तयार झाला

दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी पोलंड जिंकून घेतल्यावर वॉर्साच्या भिंतींवर रात्री-अपरात्री एक घोषणा रंगवलेली दिसायची. पोलिशमध्ये ती यमकात होती. तिचा अर्थ साधारण असा, की सिनेमागृहात फक्त डुकरं बसतात. ती लिहिणारे भूमिगत चळवळीतले तरुण होते. सिनेमावर त्यांचा राग असण्याचं कारण सरळ होतं. पोलिश चित्रपटनिर्मिती जर्मनांनी बंद पाडली होती. सिनेमागृहं त्यांच्या ताब्यात होती, तिकिटाचा पैसा त्यांच्या तिजोरीत जायचा आणि पडद्यावर त्यांचाच प्रचार चालायचा. तरी करमणुकीला आसुसलेली माणसं जायचीच. बहिष्कार पूर्ण कधीच झाला नाही. पण सिनेमाला जाणं ही लाजेची गोष्ट आहे, एवढं त्या भिंतींनी वर्षानुवर्षं बजावून ठेवलं.

आणि मग ऑगस्ट १९४४ च्या मध्यावर, शहरात लढाई पेटलेली असताना, त्याच चळवळीने लोकांना सिनेमाला बोलावलं. झ्वोता रस्त्यावरच्या ‘पॅलेडियम’मध्ये. जर्मन काळात या सिनेमागृहाचं नाव बदलून ‘हेल्गोलांड’ केलेलं होतं आणि आत फक्त जर्मनांना प्रवेश होता. आता तिथे पोलिश माणसं बसली, दिवे मालवले गेले आणि पडद्यावर शीर्षक आलं, ‘वॉर्सा लढतंय!’

काडतुसं मोजून वापरावी लागत होती, बऱ्याच जणांच्या हाती बंदूकच नव्हती. अशा लढाईत सिनेमा कशासाठी? आणि मुळात तो करणं शक्य तरी कसं झालं? या दोन प्रश्नांसाठी हा लेख लिहिते आहे. मी कोल्हापूरची. आमच्या महावीर उद्यानात पोलिश निर्वासितांचं स्मारक आहे. त्यावरची नावं-अक्षरं लहानपणापासून पाहत आले, आणि तिथूनच वॉर्सापर्यंत पोचले. त्या धाग्याकडे शेवटी येईन.

आधी लढाईबद्दल थोडक्यात. पोलंडच्या भूमिगत सेनेचं नाव ‘आर्मिया क्रायोव्हा’, म्हणजे देशातल्या देशात लढणारी सेना. तिचं सरकार लंडनमध्ये परागंदा होतं. १ ऑगस्ट १९४४ रोजी संध्याकाळी पाच वाजता तिने वॉर्सात उठाव केला. सोव्हिएत फौजा विस्तुला नदीच्या पलीकडच्या काठाजवळ येऊन ठेपल्या होत्या. त्या शहरात शिरण्याआधी राजधानी आपल्या हाताने मोकळी करायची आणि ‘आम्ही इथले यजमान आहोत’ असं म्हणत त्यांना सामोरं जायचं, असा बेत होता. काही दिवसांत निकाल लागेल असा अंदाज होता. सोव्हिएत फौजा थांबून राहिल्या आणि लढाई ६३ दिवस चालली.

आता सिनेमाकडे.

भूमिगत चळवळ म्हटलं की आपल्याला पत्रकं आठवतात, रेडिओ आठवतो. १९४२ मध्ये मुंबईत उषा मेहता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काँग्रेस रेडिओ चालवला, तो पोलिसांच्या हाती लागेपर्यंत जागा बदलत राहिला. पत्रकाला एक सायक्लोस्टाइल यंत्र आणि दोन विश्वासू माणसं पुरतात. रेडिओला ट्रान्समीटर आणि तो समजणारा एखादा हुशार मुलगा लागतो. सिनेमाचं तसं नाही, सिनेमाला अख्खी साखळी लागते. कॅमेरा लागतो, कोरी फिल्म लागते. चित्रण झालं की फिल्म धुवायला रसायनं, पाणी आणि अंधारी खोली लागते. निगेटिव्हवरून प्रिंट काढावी लागते. तुकडे जोडायला संकलकाचं टेबल आणि सराईत हात लागतो. मग प्रोजेक्टर, पडदा, सभागृह. आणि या सगळ्याला वीज. यातला एक दुवा तुटला तरी बाकीचं सगळं वाया.

फिल्मचंच घ्या. त्या काळची व्यावसायिक फिल्म ३५ मिलिमीटर रुंदीची. सेकंदाला २४ चौकटी या वेगाने ती धावते, म्हणजे एका मिनिटाला २७ मीटरहून थोडी जास्त फिल्म खर्च होते. तीस मीटरचं रीळ मिनिटभरात संपतं. आज फोनवर आपण वीस मिनिटं नुसतंच चित्रण करत राहतो. वॉर्साच्या कॅमेरामनला मात्र प्रत्येक वेळी बटण दाबण्याआधी ठरवावं लागत होतं, की समोरचं दृश्य या मीटरभर फिल्मच्या मोलाचं आहे का. लढाईत नेले जाणारे हातातले कॅमेरे सहसा चावीचे असत, भिंतीवरच्या घड्याळासारखे. एकदा चावी दिली की अर्ध्या मिनिटाच्या आसपास चालणार, मग पुन्हा चावी. म्हणूनच या चित्रणात लांब, निवांत दृश्यं जवळपास सापडत नाहीत. काही सेकंदांचे तुकडे, कट, पुन्हा तुकडा. नंतरच्या प्रेक्षकाला ती शैली वाटते, मुळात ती टंचाई आहे.

त्यात त्या काळची ३५ मिलिमीटरची फिल्म नायट्रेटची. ती इतकी भडक पेटते, की पाण्यात बुडवूनही विझत नाही, कारण जळायला लागणारा ऑक्सिजन तिच्या आतच असतो. आगीचे बाँब झेलणाऱ्या शहरात ही रिळं काखोटीला मारून माणसं गल्ल्यांमधून पळत होती.

ही साखळी १ ऑगस्टला अचानक उभी राहिली नाही. आर्मिया क्रायोव्हामध्ये एक माहिती आणि प्रचार विभाग होता. भूमिगत वर्तमानपत्रं, पत्रकं हे त्याचं रोजचं काम. पण एक दिवस उघडी लढाई होणार आणि ती चित्रित झाली पाहिजे, हे त्या विभागातल्या लोकांनी आधीच ओळखलं होतं. त्यांनी छुपेपणाने छायाचित्रकार आणि कॅमेरामन तयार केले, सामान जमवून ठेवलं. चित्रपट शाखेची सूत्रं अँतोनी बोहजेविच यांच्याकडे होती. हे युद्धाआधीपासून चित्रपटाच्या क्षेत्रात वावरलेले, पुढे वूच शहरातल्या प्रसिद्ध चित्रपटशाळेत शिकवलेले गृहस्थ. त्यांच्यासोबत येझी झाझित्स्की, स्तेफान बागिन्स्की यांच्यासारखे लोक रस्त्यावर चित्रण करत होते आणि आलेले तुकडे जोडायला वात्सवाव काझमेर्चाक यांच्यासारखा कसलेला संकलक होता. हे लक्षात घेण्यासारखं आहे. हौशी माणसाने सापडलेल्या कॅमेऱ्याने काहीतरी टिपलं, असा हा प्रकार नाही. धंदा जाणणाऱ्या माणसांनी आखून केलेलं हे काम आहे.

आणि त्यांनी काय टिपलं? युद्धाचा माहितीपट म्हटल्यावर आपण बंदुका शोधतो. त्या आहेतच. झेल्ना रस्त्यावर टेलिफोन खात्याची उंच इमारत होती, वरच्या मजल्यांवरून जर्मन सैनिक आसपासच्या रस्त्यांवर नेम धरून बसायचे. २० ऑगस्टला उठाववाल्यांनी ती जिंकली, शंभरावर जर्मन कैदी झाले. आगीत लपेटलेली ती इमारत आणि हात वर करून बाहेर येणारे सैनिक कॅमेऱ्यात आहेत. पाच वर्षं ज्या गणवेशाला पाहून लोक रस्ता बदलत होते, तो गणवेश धुळीने माखून, मान खाली घालून चालतोय. पॅलेडियमपासून ती इमारत चालत दहा मिनिटांच्या आत. प्रेक्षकांत बसलेल्या कितीतरी जणांनी ती गोळीबाराची बाजू टाळत रोजचं पाणी आणलेलं असणार.

पण मला स्वतःला या चित्रणात लढाईइतकंच बाकीचं महत्त्वाचं वाटतं. फरशा उपटून रस्त्यावर आडवी भिंत रचणाऱ्या बायका. सार्वजनिक स्वयंपाकघरातली मोठाली भांडी. छापखान्यातून बाहेर पडणारं ताजं वर्तमानपत्र. पत्रं पोचवणारी बालवीरांची पोरं, त्यांनी तर अख्खी टपालसेवा चालवली होती. तळघरातल्या कारखान्यात हातबाँब भरणारी माणसं. अंत्यविधी. आणि १३ ऑगस्टला झालेलं एक लग्न. नवरा लढाईत जखमी, हात गळ्यात बांधलेला. नवरी परिचारिका. सोन्याच्या अंगठ्या आणायच्या कुठून, म्हणून पडद्याच्या दांडीवरच्या कड्या बोटांत घातल्या. हे लग्न चळवळीच्या कॅमेऱ्याने टिपलं आणि वार्तापटात दाखवलं.

लग्न का दाखवायचं? इथे आपल्याला ‘वार्तापट’ म्हणजे काय ते थोडं समजून घ्यावं लागेल. जुन्या वाचकांना आठवत असेल, सिनेमा सुरू होण्याआधी फिल्म्स डिव्हिजनचा भारतीय समाचार लागायचा. पूर, धरण, पंतप्रधानांचा दौरा. त्याच्याही आधी, १९४३ पासून ब्रिटिश सरकारचा युद्धवार्तापट मुंबईत तयार होत होता आणि तो दाखवण्याची सक्ती थिएटरवाल्यांवर होती. वार्तापट ही सरकारची वस्तू. आपण आहोत, आपलं कामकाज चालू आहे, एवढंच तो पुन्हापुन्हा सांगतो. वॉर्सातल्या चळवळीने नेमकी हीच वस्तू उचलली. आमच्याकडे टपाल आहे, छापखाने आहेत, इस्पितळं आहेत, इथे लग्नं लागतात, मेलेल्यांना रीतीने निरोप दिला जातो, हे दाखवलं की मग ‘आम्ही एक राज्य आहोत’ असं तोंडाने म्हणावं लागत नाही. पाच वर्षं पोलिश माणसाचं चलच्चित्र जर्मन कॅमेऱ्यानेच काढलेलं होतं. त्यात तो कामकरी होता, कैदी होता किंवा तुच्छ होता. पॅलेडियममध्ये त्याने स्वतःला स्वतःच्या माणसाच्या कॅमेऱ्यातून पाहिलं.

दुसरा प्रेक्षक शहराबाहेर होता. जर्मनांच्या लेखी हे बंडखोर म्हणजे ‘डाकू’ होते. पकडला की गोळी घालायची. युद्धकैद्याचे हक्क हवे असतील तर तुम्ही सैनिक आहात हे दिसलं पाहिजे. अधिकाऱ्यांची उतरंड, उघडपणे बाळगलेली शस्त्रं, दुरून ओळखू येणारी खूण. वॉर्सातल्या पोरांकडे गणवेश कुठले? त्यांनी जर्मन गोदामं फोडून त्यातलेच ठिपक्याठिपक्यांचे कोट घातले आणि दंडावर पांढरी-लाल पट्टी बांधली. चित्रणात ती पट्टी सतत दिसते. २९ ऑगस्टला ब्रिटन आणि अमेरिकेने जाहीर केलं, की आर्मिया क्रायोव्हा ही दोस्त सैन्याचा भाग आहे आणि तिच्या सैनिकांना तसंच वागवलं पाहिजे. हे फिल्ममुळे झालं असं मी म्हणणार नाही, त्यामागे राजकारण आणि लंडनमधल्या सरकारचे प्रयत्न होते. पण त्या पट्टीचं महत्त्व कॅमेरामन जाणून होते, हे चित्रण बघताना कळतं. शरणागतीच्या करारात उठाववाल्यांना युद्धकैद्यांचा दर्जा मिळाला.

आता थोडं अवघड बोलते. हे चित्रण प्रचार विभागाने केलं आहे. मग ते खरं मानायचं का?

मी मानते, पण डोळे उघडे ठेवून. अशी कोणतीही फिल्म बघताना एक साधी गोष्ट विचारायची, की कॅमेरा कुठे उभा आहे? सैनिक आपल्या दिशेने धावत येतायत आणि शत्रू समोर आहे असं सांगितलं जातंय, तर मग कॅमेरामन शत्रूकडे पाठ करून मध्ये उभा आहे. असं दृश्य बहुधा कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून घेतलेलं असतं. उलट, कॅमेरा खिडकीच्या चौकटीआड आहे, हात हलतोय, अर्धं दृश्य भिंतीने झाकलंय, तर तिथे खरोखरचा धोका असण्याची शक्यता जास्त. ही कसोटी जगातल्या कुठल्याही युद्धपटाला लावता येते.

दुसरं, काय नाही ते बघायचं. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात, मुख्यतः ५ ते ७ तारखेच्या दरम्यान, वोला या पश्चिमेकडच्या भागात जर्मनांनी हजारो नागरिकांना घरांतून ओढून काढून मारलं. मृतांचा आकडा चाळीस-पन्नास हजारांच्या घरात सांगितला जातो. चळवळीचं बरंचसं चित्रण शहराच्या मध्यभागातलं आहे, जिथे तिचा ताबा होता आणि जिथे फिल्म धुता येत होती. जिथे माणसं सर्वांत जास्त मेली, तिथे कॅमेरा पोचू शकत नव्हता. कॅमेरा जिवंत राहण्यासाठी मागे आपली माणसं लागतात. वोलामधून परत फिरायला कुणाला वाट नव्हती.

अंधाराचंही तसंच. सप्टेंबरच्या सुरुवातीला जुनं शहर पडलं, तेव्हा हजारो सैनिक गटारांतून चालत, रांगत मध्यभागात आले. त्या काळच्या फिल्मला भरपूर उजेड लागायचा. गटारातला तो प्रवास, रात्रीच्या चकमकी, तळघरांत दाटीने बसलेली, तहानेने हैराण माणसं, हे सगळं तिच्या आवाक्याबाहेरचं. वार्तापटांत ऊन फार दिसतं ते यामुळे. ऊन आणि हसरे चेहरे. हसू खोटं नव्हतं, विशेषतः पहिल्या दिवसांत. पण संध्याकाळनंतरचं शहर आपल्याला कधीच दिसत नाही.

आणि मग वीज. विस्तुलाच्या काठी पोविश्ले भागात शहराचं वीजकेंद्र होतं. उठावाच्या सुरुवातीलाच कामगार आणि सैनिकांनी ते ताब्यात घेतलं आणि बाँब पडत असताना महिनाभर चालू ठेवलं. इस्पितळं, शस्त्रांचे कारखाने, छापखाने, रेडिओ, फिल्म धुण्याची खोली आणि पॅलेडियमचा प्रोजेक्टर, सगळे त्याच विजेवर. पहिला वार्तापट ऑगस्टच्या मध्याला लागला, दुसरा आठवड्याभरात, तिसरा सप्टेंबरच्या अगदी सुरुवातीला. ४ सप्टेंबरला बाँबफेकीत वीजकेंद्र बंद पडलं, दोन दिवसांत पोविश्लेही गेलं. चौथा वार्तापट आला नाही. शहर अजून चार आठवडे लढत होतं. पण कोळशाच्या भट्ट्यांजवळ उभे असलेले ते कामगार नसते, तर आधीचे तीनही आले नसते. चित्रपटाच्या इतिहासात दिग्दर्शकांची नावं राहतात. वॉर्साच्या या सिनेमाचा एक मोठा हिस्सा वीजकामगारांचा आहे, असं मला मनापासून वाटतं.

छायाचित्रकारांपैकी एकाबद्दल सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. एउगेनिउश लोकाय्स्की १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये भालाफेकीत उतरलेले खेळाडू. जर्मन राजधानीच्या मैदानात पोलंडचं नाव छातीवर घेऊन उभा राहिलेला माणूस आठ वर्षांनी वॉर्सात कॅमेरा घेऊन फिरत होता. त्यांनी हजाराच्या आसपास छायाचित्रं काढली. २५ सप्टेंबरला ते फोटोचं सामान मिळवायला बाहेर पडले आणि मार्शावकोव्स्का रस्त्यावरची एक इमारत त्यांच्यावर कोसळली. उठाव संपायला एक आठवडा उरला होता.

२ ऑक्टोबरला शरणागतीवर सही झाली. साधारण दीड ते दोन लाख नागरिक मेले होते. उरलेल्या सगळ्यांना जर्मनांनी शहराबाहेर काढलं आणि मग रिकाम्या वॉर्साची घरं एकेक करून जाळली, उडवली. आता नायट्रेटची फिल्म हातात असलेल्या माणसाचा विचार करा. बाहेर जाताना झडती होणार. मागे ठेवावी, तर घरच जळणार. सिल्वेस्टर ब्राउन या छायाचित्रकाराने आपल्या निगेटिव्ह काचेच्या बरण्यांत भरून पुरल्या आणि जानेवारी १९४५ मध्ये परत येऊन ढिगाऱ्यातून काढल्या. चलच्चित्रांपैकी जी वाचली, ती आज सुमारे सहा तासांची आहेत.

त्याच ऑगस्टमध्ये पॅरिसही उठलं होतं. तिथल्याही चळवळीतल्या चित्रपटकर्मींनी रस्त्यावर उतरून चित्रण केलं. दोस्त फौजा आठवड्याभरात पोचल्या, शहर सुटलं आणि तो माहितीपट लगेच थिएटरांत लागून जगभर गेला. वॉर्साची फिल्म करणारेही तेवढेच कुशल आणि तेवढेच धाडसी होते. पण युद्धानंतर पोलंडमध्ये सोव्हिएत वर्चस्वाखालचं सरकार आलं आणि आर्मिया क्रायोव्हाचे सैनिक तुरुंगात जाऊ लागले. ज्या उठावाबद्दल मोकळेपणाने बोलताही येत नव्हतं, त्याची फिल्म कोण दाखवणार? कॅमेरामनच्या हातात जे होतं ते त्यांनी केलं. शेवटी फिल्मचं नशीब ठरलं ते शहरात आधी कुणाचे रणगाडे शिरले यावर.

ते ६३ दिवस चालू असताना कोल्हापूरजवळ वळिवड्याला जवळपास पाच हजार पोलिश माणसं राहत होती. १९४० च्या सुमारास सोव्हिएत संघाने घरादारातून उचलून नेलेली, मग इराणमार्गे भारतात पोचलेली. बहुतेक बायका आणि मुलं. १९४३ ते १९४८ ही त्यांची वसाहत होती. आपल्याकडे त्यांची आठवण प्रेमाने सांगितली जाते, पंचगंगेच्या काठच्या लोकांनी त्यांना कसं सामावून घेतलं ते. मी त्या स्मारकासमोर उभी राहते तेव्हा मला दुसरंच डोळ्यांसमोर येतं. वॉर्सात पडद्यावर स्वतःचं शहर बघणारी माणसं, आणि त्याच महिन्यात वळिवड्याच्या पावसात त्याच शहराच्या बातमीची वाट बघणारी माणसं. त्या रिळांचा खरा प्रेक्षक जगभर असा विखुरलेला होता.

२००४ मध्ये वॉर्सात उठावाचं संग्रहालय उघडलं. २०१४ मध्ये संग्रहालयाने त्या सहा तासांतून निवडून एक पूर्ण लांबीचा चित्रपट केला आणि त्याला रंग दिले. रंग देण्याबद्दल मतभेद आहेत. मलाही मूळ कृष्णधवल जास्त जवळचं वाटतं. पण त्यांनी एक काम केलं त्यासाठी मी ऋणी आहे. मूळ चित्रणाला आवाज नाही, कॅमेरे मुके होते. संग्रहालयाने ओठांच्या हालचाली वाचू शकणारी माणसं बसवली. चौकट चौकट पुढे सरकवत, स्वयंपाकघरातली बाई काय म्हणते आहे, लढाईच्या आघाडीकडे जाणारा मुलगा वळून काय ओरडला, हे त्यांनी शोधून काढलं आणि नटांकडून ते बोलून घेतलं. ज्यांचे चेहरे कॅमेऱ्याकडे होते त्यांचे काही शब्द सत्तर वर्षांनी ऐकू आले. पाठमोरे निघून गेलेल्यांचे नाही आले.